मराठीतल्या पहिल्या बोलपटाचा हिरोच त्याचा संगीतकार होता. हे गोविंदराव टेंबे होते तरी कोण?

२०१५ च्या दिवाळीत 'कट्यार काळजात घुसली' थिएटरला लागला. त्यात पंडित भानुशंकर शास्त्रींच्या भूमिकेत शंकर महादेवन दिसले आणि लोक चाटच पडले. माणूस संगीतकार, सिनेमाला संगीतही त्याच्याच त्रिकुटाचं आणि वर हा पडद्यावर अभिनयसुद्धा करतोय! 'संगीतकाराने स्वतःच भूमिका केली' ही त्या वेळी बातमी झाली होती.

पण मराठी बोलपटाची सुरुवातच मुळात अशी झाली होती.

६ फेब्रुवारी १९३२ ला मुंबईत 'अयोध्येचा राजा' प्रदर्शित झाला. प्रभात फिल्म कंपनीचा हा पहिला बोलपट. मराठीतला पहिला बोलपट म्हणून याच सिनेमाचं नाव घेतलं जातं. दिग्दर्शक व्ही. शांताराम. तारामतीच्या भूमिकेत दुर्गा खोटे, नारद झाले होते मास्टर विनायक. आणि राज्य सोडून, बायको-मुलाला विकून, शेवटी स्मशानात राबणारा राजा हरिश्चंद्र साकारला होता गोविंदराव टेंबे यांनी. सिनेमाचं संगीतही त्यांचंच होतं.

हिरो म्हटल्यावर डोळ्यासमोर पंचविशीतला पोरगा आला असेल तर जरा थांबा. टेंबे तेव्हा पन्नाशीत होते. नट म्हणून ते काही स्टार नव्हते. महाराष्ट्र त्यांना ओळखत होता तो पेटीवाला म्हणून आणि 'मानापमान'च्या चाली देणारा माणूस म्हणून.

मग प्रभातने पहिल्याच बोलपटासाठी एका पेटीवाल्याला राजा का केलं? याचं उत्तर शोधायला थोडं मागे जावं लागतं.

गोविंद सदाशिव टेंबे यांचा जन्म ५ जून १८८१ चा, कोल्हापूर परिसरातला. त्या काळचं कोल्हापूर म्हणजे गाण्याचं गाव. जयपूर घराण्याचे अल्लादियाखाँ शाहू महाराजांच्या दरबारी गायक होते. देवल क्लबमध्ये मैफली व्हायच्या, मोठमोठे गवई येऊन गाऊन जायचे. टेंबे यांचं शिक्षण इथेच झालं. पेटी ते बरीचशी आपली आपणच शिकले. पुढे भास्करबुवा बखले यांचं मार्गदर्शन मिळालं आणि बुवांच्या मैफलींत ते साथीला बसू लागले. अल्लादियाखाँसमोर बसून रीतसर तालीम त्यांनी कधी घेतली नाही, तरी खाँसाहेबांना ते गुरूच मानत. खाँसाहेबांची गायकी त्यांच्यापर्यंत पोहोचली ती भास्करबुवांमार्फत. पुढे त्यांनी खाँसाहेबांचं चरित्रही लिहिलं.

आता साथीदाराचं काम काय असतं ते बघा. गायक पुढे काय गाणार हे त्याला आधी सांगितलेलं नसतं. गवई एक जागा घेतो, पेटीवाल्याने ती कानाने टिपायची आणि पुढच्याच क्षणी बोटांतून काढायची. नुसतं मागे मागे जाऊनही भागत नाही. गवई श्वास घ्यायला थांबला की मधली जागा भरायची, तो पुन्हा गायला लागला की निमूट मागे सरायचं. वर्षानुवर्षं हे करणाऱ्या माणसाच्या डोक्यात शेकडो बंदिशी साठतात. त्यापेक्षा महत्त्वाचं म्हणजे कुठल्या गळ्याला काय शोभतं आणि काय झेपत नाही, याची पक्की समज येते.

टेंबे यांच्याकडे ही समज होती. तिचा उपयोग झाला तो नाटकात.

१९१० च्या आसपास किर्लोस्कर नाटक मंडळी नव्या नाटकाच्या तयारीला लागली होती. लेखक होते कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर. टिळकांचे सहकारी, 'केसरी'त काम केलेले पत्रकार. त्यांच्या 'कीचकवध' नाटकावर इंग्रज सरकारने बंदी घातली होती, कारण त्यातला कीचक म्हणजे लॉर्ड कर्झन हे प्रेक्षकांना न सांगता कळत होतं. तोवर खाडिलकरांनी गद्य नाटकंच लिहिली होती. 'मानापमान' हे त्यांचं पहिलं संगीत नाटक. चाली देण्याची जबाबदारी आली गोविंदराव टेंबे यांच्यावर.

इथे एक गोष्ट लक्षात घ्यायला हवी. तेव्हा 'संगीत दिग्दर्शक' असा शब्द रुळलेला नव्हता. नाटकाला 'चाली लावतात' असं म्हणायचे. पद्धतही आजच्या उलटी होती. आज बऱ्याचदा कवी शब्द लिहितो आणि संगीतकार त्याला चाल लावतो असं आपण धरून चालतो. संगीत नाटकात सर्रास आधी चाल ठरायची. एखादी बंदिश, ठुमरी किंवा लोकप्रिय गाणं निवडायचं आणि त्या मापात नाटककाराने मराठी शब्द बसवायचे. त्यामुळे चाली निवडणारा माणूस नाटकाची अख्खी चवच ठरवत असे.

किर्लोस्करांच्या 'शाकुंतल' आणि 'सौभद्र'मध्ये रागदारी होती. पण सोबतीला कीर्तनातल्या चाली, साक्या, दिंड्या, लावणीचा ढंग आणि कर्नाटकी वळणाच्या चालीही होत्या. पुढे विदर्भातले श्रीपाद कृष्ण कोल्हटकर आले आणि त्यांनी पारशी-उर्दू रंगभूमीवरच्या उडत्या चाली आणल्या. टेंबे यांनी तिसराच रस्ता धरला. मैफलीत वर्षानुवर्षं ऐकलेल्या ख्यालाच्या बंदिशी, उत्तरेकडची ठुमरी, दादरा हे सगळं त्यांनी नाटकात आणलं. दिवाणखान्यातल्या मोजक्या रसिकांसाठी जे गाणं होतं, ते पिटातल्या प्रेक्षकापर्यंत जाऊन पोहोचलं.

१२ मार्च १९११ ला 'मानापमान'चा पहिला प्रयोग झाला. भामिनीच्या भूमिकेत बालगंधर्व होते. त्याच दिवशी बालगंधर्वांची लहान मुलगी वारली होती. तरीही ते रंगमंचावर उभे राहिले, हा प्रसंग अनेकांनी ऐकलेला असेल. त्या प्रयोगात त्यांनी जी पदं गायली, त्यांच्या चाली टेंबे यांच्या होत्या. हे मात्र सहसा सांगितलं जात नाही.

'मानापमान'ने मराठी नाट्यसंगीताची दिशा बदलली असं जाणकार सांगतात. म्हणजे नेमकं काय झालं? तर पद लांबायला लागलं. आधी पद म्हणजे कथा पुढे नेणारं गाणं. दोन-तीन मिनिटांत संपायचं आणि पात्र पुन्हा बोलायला लागायचं. आता चालीतच आलाप-तानांना जागा होती, गायक नट ती जागा भरायचा, प्रेक्षक 'वन्स मोअर'चा गजर करायचे आणि तेच पद पुन्हा नव्या पद्धतीने सुरू व्हायचं. नाटकं रात्र रात्र चालू लागली. नाटकाची मैफल झाली आणि नाट्य मागे पडलं, अशी टीकाही तेव्हापासून होत आली आहे. ती अगदीच चुकीची नाही. पण ज्या घरात कधी गवई येण्याची शक्यता नव्हती, त्या घरातल्या माणसाच्या तोंडी राग बसला तो याच पदांमुळे. हेही त्याच हिशोबात धरायला हवं.

दहा वर्षांनी, ८ जुलै १९२१ ला, मुंबईत 'संयुक्त मानापमान' झालं. बालगंधर्व आणि केशवराव भोसले हे दोन प्रतिस्पर्धी कंपन्यांचे मालक टिळक स्वराज्य फंडासाठी एकाच रंगमंचावर आले. केशवराव धैर्यधर, बालगंधर्व भामिनी. मराठी रंगभूमीवरचा सगळ्यात गाजलेला एकच प्रयोग कुठला, असं विचारलं तर आजही बहुतेक जण हाच सांगतील.

आणि अगदी अलीकडचं सांगायचं तर जानेवारी २०२५ मध्ये सुबोध भावेचा 'संगीत मानापमान' सिनेमा आला. त्याला संगीत होतं शंकर-एहसान-लॉय यांचं. म्हणजे ११४ वर्षांनंतरही ही गोष्ट नव्या चाली घेऊन लोकांसमोर येतेय.

परत टेंबे यांच्याकडे वळू. १९१३ मध्ये बालगंधर्व किर्लोस्कर मंडळीतून बाहेर पडले आणि गंधर्व नाटक मंडळी निघाली. तिचे तीन मालक होते. बालगंधर्व, गणपतराव बोडस आणि गोविंदराव टेंबे. दोन गाजलेले नट आणि एक पेटीवाला! कंपनीच्या मालकीत चाली देणाऱ्याचा वाटा होता, यावरूनच तेव्हाच्या नाटकधंद्यात त्याची किंमत काय होती ते कळतं. पण ही भागीदारी फार टिकली नाही. १९१५ मध्ये टेंबे बाहेर पडले आणि त्यांनी स्वतःची शिवराज नाटक मंडळी काढली. नाटकमंडळींच्या या वर्षांत त्यांनी नट म्हणून तोंडाला रंगही लावला, नाटकं लिहिली, पदं रचली.

नाटक कंपनी चालवणं म्हणजे काय, हे आज पटकन लक्षात येत नाही. शे-सव्वाशे माणसांचा संसार. नट, साथीदार, पडदे रंगवणारे, आचारी, त्यांची बायकामुलं. गावोगाव बिऱ्हाड हलवायचं, पाऊस लागला की उत्पन्न बंद, एक नाटक पडलं की कर्ज. बालगंधर्वांसारखा माणूस आयुष्यभर कर्जात राहिला तर बाकीच्यांची काय कथा. १९३० पर्यंत या धंद्याला उतरती कळा लागली होती. आणि त्याच वेळी एक नवीन संकट दारात येऊन उभं राहिलं.

१४ मार्च १९३१ ला मुंबईत 'आलम आरा' लागला. सिनेमा बोलायला लागला, गायला लागला. नाटकाचा प्रेक्षक तिकडे वळला.

कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी होती. शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर यांनी सीतारामपंत कुलकर्णी यांच्या भांडवलावर १९२९ मध्ये सुरू केलेली. त्यांचे मूकपट चांगले चालत होते. आता बोलपट काढायचा होता. विषय निवडला हरिश्चंद्राचा. १९१३ मध्ये दादासाहेब फाळक्यांनी मूकपटाची सुरुवात याच गोष्टीने केली होती. प्रेक्षकांना कथा पाठ होती, त्यामुळे नवीन यंत्राचा धोका पत्करताना गोष्टीचा तरी धोका नको असा व्यवहारी विचार त्यामागे असावा.

खरी अडचण होती गाण्यांची.

आज एखादा हिरो पडद्यावर गातो तेव्हा आवाज दुसऱ्याचा असतो हे लहान पोरालाही माहीत असतं. गाणं आधी स्टुडिओत रेकॉर्ड होतं आणि मग शूटिंगच्या वेळी नट त्यावर ओठ हलवतो. १९३२ मध्ये ही सोय नव्हती. हिंदी सिनेमात पार्श्वगायन आलं ते १९३५ मध्ये, कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सच्या 'धूप छाँव'पासून. तोपर्यंत ज्याचा चेहरा त्याचाच गळा.

म्हणजे सेटवर काय चालायचं याची कल्पना करा. नट कॅमेऱ्यासमोर उभा आहे. त्याच क्षणी त्याला अभिनयही करायचाय आणि सुरात गायचंही आहे. माइक चौकटीच्या बाहेर कुठेतरी टांगलेला किंवा लपवलेला. त्यापासून लांब गेलं की आवाज पडतो, म्हणून फार हलता येत नाही. तबला, पेटी, सारंगीवाले कॅमेऱ्याला दिसणार नाहीत अशा कोपऱ्यात किंवा एखाद्या खांबाआड. नटाचं आणि त्यांचं नीट दिसणंही होत नाही, फक्त ऐकून जमवायचं. कॅमेऱ्याची घरघर माइकमध्ये जाऊ नये म्हणून त्याला झाकून ठेवायचं. आणि गाण्याच्या शेवटच्या ओळीला कुणी खोकलं तर सगळं पहिल्यापासून.

अशा ठिकाणी नुसता देखणा नट काय कामाचा? नुसता संगीतकारही अपुरा. हवा असा माणूस, जो न दिसणाऱ्या तबल्याशी कानाने जोडलेला राहील, ताल चुकला तर गाता गाता सांभाळून घेईल, रंगमंचावर उभं राहण्याची ज्याला सवय आहे आणि ज्याला चालही अशी बांधता येईल की एका जागी उभं राहून, माइकच्या मर्यादेत, भाव पोहोचवता येईल. हे सगळं येणारे लोक तेव्हाही हाताच्या बोटांवर मोजण्याइतके होते. त्यांतला एक कोल्हापूरचाच होता.

साथीदाराच्या गादीवर बसून कमावलेला कान असा थेट सिनेमाच्या सेटवर कामी आला.

'अयोध्येचा राजा' मराठीत आणि हिंदीत अशा दोन भाषांत बनला. त्या काळी डबिंग नव्हतं. एकच प्रसंग आधी एका भाषेत आणि मग दुसऱ्या भाषेत पुन्हा चित्रित करायचा. गाणीही दोनदा गायची. म्हणजे टेंबे यांचं काम दुप्पट.

सिनेमा चालला. त्याच वर्षी प्रभातचा 'मायामच्छिंद्र' आला. स्त्रीराज्यात अडकलेला मच्छिंद्रनाथ, त्याला सोडवायला आलेला शिष्य गोरखनाथ आणि राणीच्या भूमिकेत दुर्गा खोटे. मच्छिंद्रनाथ होते टेंबे, संगीतही टेंबे यांचंच. पुढच्या वर्षी, १९३३ मध्ये, 'सिंहगड' आणि 'सैरंध्री' आले, त्यांनाही संगीत टेंबे यांनीच दिलं. 'सैरंध्री' रंगीत करण्याची प्रभातची महत्त्वाकांक्षा होती. त्यासाठी फिल्म जर्मनीत प्रक्रियेला पाठवली गेली, पण रंग मनासारखे उतरले नाहीत.

गंमत म्हणजे याच सुमाराला जगाच्या दुसऱ्या टोकाला आणखी एक नट आपल्या सिनेमाला स्वतःच संगीत देत होता. चार्ली चॅप्लिनचा 'सिटी लाइट्स' १९३१ चा. त्यातलं संगीत त्याचंच आहे. चॅप्लिनला नोटेशन लिहिता येत नव्हतं. तो चाल गुणगुणून किंवा वाजवून दाखवायचा आणि दुसरे ती कागदावर उतरवायचे. पण त्याला एक मोठी सोय होती. त्याचा ट्रॅम्प पडद्यावर बोलतच नव्हता, गाण्याचा तर प्रश्नच नाही. संगीत सिनेमा पूर्ण झाल्यावर वरून जोडायचं होतं. त्यामुळे नट चॅप्लिन आणि संगीतकार चॅप्लिन यांना एकाच क्षणी काम करावं लागलं नाही. टेंबे यांना ते करावं लागलं, कॅमेरा चालू असताना.

१९३३ मध्ये प्रभातने कोल्हापूर सोडलं आणि कंपनी पुण्याला गेली. तिथे संगीताची सूत्रं दुसऱ्यांकडे आली. आधी केशवराव भोळे, मग मास्टर कृष्णराव. 'अमृतमंथन', 'संत तुकाराम', 'कुंकू' हे भोळ्यांचे. 'धर्मात्मा', 'माणूस', 'शेजारी' हे मास्टर कृष्णरावांचे. आज प्रभातचं संगीत म्हटलं की हीच दोन नावं आधी आठवतात.

यात एक बदल शांतपणे घडला. पार्श्वगायन आलं आणि नट, गायक, संगीतकार या तीन कामांची तीन माणसं झाली. नटाला गाता येण्याची गरज उरली नाही. गायकाला दिसण्याची गरज उरली नाही. आणि संगीतकार कॅमेऱ्याच्या मागे गेला, तो कायमचाच. सिनेमाच्या दृष्टीने हे चांगलंच झालं. लता मंगेशकरांचा आवाज शेकडो चेहऱ्यांना मिळाला तो याचमुळे. पण ज्यांची सगळी ताकद या तिन्ही गोष्टी एकत्र येण्यात होती, त्यांची नावं मात्र अधांतरी राहिली. नटांच्या यादीत टेंबे यांना मोजत नाहीत कारण ते संगीतकार. सिनेसंगीतकारांच्या यादीत नाव चटकन येत नाही कारण ते नाटकवाले. आणि पेटीवाल्यांच्या इतिहासात ते आहेत, पण पेटी तर त्यांनीच मागे टाकली होती.

पेटीचं काय झालं, हाही एक वेगळाच किस्सा आहे.

हार्मोनियम मूळची फ्रान्सची. १८४० च्या आसपास पॅरिसच्या अलेक्झांद्र दबाँ याने तिचं पेटंट घेतलं. भारतात ती आली ती पायाने भाता मारायची. खाली बसून गाणाऱ्या देशात ती गैरसोयीची होती. मग कलकत्त्याच्या द्वारकानाथ घोष यांनी हाताने भाता हलवायची पेटी बनवली आणि ती देवळापासून तमाशाच्या फडापर्यंत सगळीकडे पोहोचली.

पण शास्त्रीय संगीतवाल्यांचा तिच्यावर एक आक्षेप कायम होता. आपल्या गाण्यात एका सुरावरून दुसऱ्या सुरावर घसरत जाणं, म्हणजे मींड, हा जीव आहे. पेटीला ठरलेल्या पट्ट्या. दोन पट्ट्यांच्या मधला सूर तिच्याकडे नाहीच. शिवाय तिचे सूर पाश्चात्त्य मापाने जुळवलेले, आपल्या श्रुतींशी तंतोतंत जमत नाहीत. हा वाद इतका पेटला की १ मार्च १९४० पासून ऑल इंडिया रेडिओने पेटीवर बंदी घातली. रवींद्रनाथ टागोरही पेटीच्या विरोधातच होते. ही बंदी थोडीफार सैल झाली ती थेट १९७१ मध्ये.

म्हणजे ज्या वाद्याने टेंबे यांना घडवलं, ते वाद्य तीसेक वर्षं रेडिओवर अस्पृश्य होतं. स्वतः टेंबे साथीकडून एकल वादनाकडे आणि मग पेटी बाजूला ठेवून रचनेकडे गेले होते. पेटीची मर्यादा त्यांच्याइतकी कुणाला ठाऊक असणार! पण ज्यांनी त्यांची पेटी ऐकली ते सांगत की ती गळ्यासारखी वाजायची. पट्ट्या त्याच होत्या, भाता कसा सोडायचा आणि बोट कधी उचलायचं यात सगळं होतं. पुढे याच रेडिओसाठी त्यांनी संगीतिका लिहिल्या. 'महाश्वेता' आणि 'जयदेव' ही त्यांतली ठळक नावं. पूर्ण गाण्यांतून सांगितलेली, पडदा नाही, रंगमंच नाही, फक्त कानांसाठी असलेली नाटकं.

नट म्हणून शिरायचं आणि संगीतकार म्हणून बाहेर पडायचं, हा रस्ता मात्र टेंबे यांच्यानंतरही काही वर्षं चालू राहिला.

वसंत देसाई घ्या. कोकणातून आलेला हा मुलगा प्रभातमध्ये पडेल ते काम करायचा. 'खुनी खंजर' या १९३० च्या मूकपटात त्याने भूमिका केली, 'अयोध्येचा राजा'त तो गायला. टेंबे, भोळे, मास्टर कृष्णराव या तिघांच्या हाताखाली राहून शिकला. हाच मुलगा पुढे 'अमर भूपाळी', 'झनक झनक पायल बाजे', 'दो आँखें बारह हाथ' आणि 'गुड्डी'चा संगीतकार झाला.

दुसरं उदाहरण नागपूरशी जोडलेलं आहे. नागपुरात शंकरराव सप्रे संगीत शिकवायचे. त्यांच्याकडे शिकलेल्यांपैकी एक होते रामचंद्र चितळकर. मूळचे नगर जिल्ह्यातल्या पुणतांब्याचे. हिरो व्हायला सिनेमात आले, 'नागानंद'मध्ये नायक झालेही. सिनेमा चालला नाही. मग मिनर्व्हा मूव्हिटोनमध्ये बारीकसारीक भूमिका करत करत ते पेटीवर जाऊन बसले आणि सी. रामचंद्र झाले. 'अलबेला' आणि 'अनारकली' त्यांचेच. म्हणजे त्यांच्या बाबतीत नट अपयशी झाला म्हणून संगीतकार मिळाला.

सप्रे यांचाच दुसरा विद्यार्थी म्हणजे वसंतराव देशपांडे. १९३५ मध्ये भालजी पेंढारकरांच्या 'कालियामर्दन'मध्ये ते बाळकृष्ण झाले होते. त्यानंतर बरीच वर्षं लष्कराच्या हिशेब खात्यात नोकरी केली. १९६७ मध्ये 'कट्यार काळजात घुसली' नाटक आलं आणि त्यातल्या खाँसाहेबाने वसंतरावांना घराघरात पोहोचवलं. तिथेही तोच नियम होता. गाणं रोज, प्रेक्षकांसमोर, स्वतःच्या गळ्याने. नाटकात पार्श्वगायन चालत नाही.

गोविंदराव टेंबे ९ ऑक्टोबर १९५५ ला गेले. 'माझा संगीत व्यासंग' आणि 'माझा जीवनविहार' ही त्यांची दोन पुस्तकं त्या काळच्या गाण्याबद्दल आणि नाटकाबद्दल वाचायची असतील तर हमखास सुचवली जातात. कोल्हापुरात देवल क्लबचं जे रंगमंदिर आहे, त्याला त्यांचं नाव दिलेलं आहे.

'आलम आरा'ची आज एकही प्रत उरलेली नाही. देशातल्या पहिल्या बोलपटातलं गाणं कसं ऐकू यायचं ते आता कुणालाच कळणार नाही. 'अयोध्येचा राजा' मात्र शिल्लक आहे आणि टिकून राहिलेल्या सगळ्यात जुन्या भारतीय बोलपटांत त्याची गणना होते. कधी बघायला मिळाला तर हरिश्चंद्र गायला लागला की आवाजाकडे नीट कान द्या. मागे कुठलाही स्टुडिओ नाही, दुसरा गळा नाही. कोल्हापुरातल्या सेटवर, माइकपासून फार लांब न जाता, पन्नाशीतला एक पेटीवाला स्वतःच बांधलेली चाल गातोय आणि त्याचे साथीदार चौकटीच्या बाहेर कुठेतरी त्याचा अंदाज घेत वाजवतायत.